सिनेमाच्या जागा दाखवताना वारलेला चुलतभाऊ

आधी कपातला चहा संपवा. मी सांगायला लागल्यावर तो नाकात गेला तर पुन्हा मलाच बोल लावाल. गाढवपणा मी आयुष्यात कमी केलेला नाही, पण त्या एका रविवारी तीन तासांत जेवढा केला, तेवढा उरलेल्या जन्मात मिळून केला नसेल.

बहात्तरच्या दुष्काळानंतरचं वर्ष होतं. मी सोलापुरात एका हायस्कुलात क्लार्क होतो. वय एकोणतीस, लग्न नाही, आणि नाद एकच, सिनेमा. कुठल्या टॉकीजच्या कुठल्या खुर्चीत ढेकूण आहेत हे मला पाठ होतं. मूकपटाच्या काळात तंबू कुठं लागायचा, पडद्यापुढं पेटी-तबला घेऊन कोण बसायचं, हे सगळं मी म्हाताऱ्याकोताऱ्यांचं डोकं खाऊन गोळा केलं होतं. नवी पेठेतल्या आमच्या वाचनालयाचे चिटणीस गजाननराव यांना ते माहीत होतं. त्यांनी वाचनालयाच्या वर्धापनदिनासाठी एक टूम काढली. रविवारी सकाळी लोकांना पायी फिरवून गावातल्या जुन्या सिनेमाच्या जागा दाखवायच्या, आणि दाखवणार मी. मी आठ दिवस आधीपासून आरशापुढं उभा राहून भाषण पाठ करत होतो.

आता दुसरी बाजू ऐका. त्याच महिन्यात मी सांगोल्याला मुलगी बघून आलो होतो. शालन तिचं नाव, वडील शाळामास्तर. टँकर आला तर पाणी, नाहीतर नाही, अशी तेव्हा त्या गावाची अवस्था. तिनं माझ्यापुढं तांब्याभांडं ठेवलं. मी आपलं संकोचानं अर्धंच भांडं ओतून घेतलं, तर हळूच म्हणाली, "पुरं घ्या की. उन्हातनं आलाय."

बास. माझा निकाल तिथंच लागला. याआधी तीन स्थळांनी मला नकार दिला होता आणि तिन्ही वेळा मी दोन भाकरी खाऊन झोपलो होतो. या वेळी नकार आला तर आपलं काही खरं नाही, हे मला सांगोल्याहून परतताना एसटीतच कळलं होतं.

रविवारी सकाळी इस्त्रीचा शर्ट घालून मी निघणार, एवढ्यात सांगोला गाडीचा कंडक्टर दारात. तिथं माझी आत्या राहते. तिनं त्याच्याजवळ चिठ्ठी दिली होती. "मुलीचा मामा आज सोलापुरात येतोय. तुला न सांगता तुझी चौकशी करणार आहे. त्या घरात त्याचा शब्द शेवटचा. सिनेमाला जाणारी माणसं त्याला खपत नाहीत असं ऐकते. जपून वाग."

आमच्याकडं ही पद्धतच आहे. चौकशीला आलेला माणूस 'मी आलोय' असं सांगत नाही. पानपट्टीवर विचारतो, शेजाऱ्यांना विचारतो, मुलाच्या मागं मागं हिंडतो आणि गुपचूप घरी जाऊन 'व्हय' किंवा 'न्हाय' एवढंच सांगतो. आणि मी त्याच दिवशी भर रस्त्यात सिनेमाच्या नावानं दवंडी पिटणार होतो.

पळतच वाचनालयापाशी गेलो. दारात फळा, त्यावर खडूनं ठसठशीत अक्षरं: 'मार्गदर्शक, सिनेमाचे चालतेबोलते भांडार, श्री. वसंतराव.' मी शर्टाच्या बाहीनं फळा पुसला.

"अहो, काय करताय?" गजाननराव म्हणाले.

"फेरी रद्द करा. माझ्या पोटात दुखतंय."

"आता? बाहेरगावची माणसंही आलीत. माझी अब्रू जाईल, वसंतराव."

बाहेरगावची म्हटल्यावर खरंच पोटात दुखायला लागलं. वळून बघितलं. चार जण वाचनालयाचे नेहमीचे, त्यांना मी काय सांगतो यापेक्षा शेवटी चहा मिळणार का याची काळजी. अनोळखी दोघं. एक उंच, काळी टोपी, बंद गळ्याचा कोट, बगलेत छत्री आणि हातात वही. चेहरा असा, की या माणसानं लग्नातसुद्धा कुणाला हसून नमस्कार केला नसेल. दुसरा धोतर-सदऱ्यातला, हातात पानाची चंची, गालात पान.

आता तुम्हीच सांगा, मामा कोण वाटेल? मास्तरांच्या घरातला, शेवटच्या शब्दाचा माणूस? माझी नजर वहीवर गेली आणि तिथंच चिकटली.

पानवाल्यानं आपणहून सांगितलं, "मी चादर घ्याया आलतो. दुकान उघडायला येळ हाय म्हनून म्हटलं, तुमच्या संगं हिंडावं."

"हिंडा की," मी म्हणालो. त्याच्याकडं नीट बघितलंसुद्धा नाही.

पहिली जागा तंबूची. गावात सिनेमाचा पहिला तंबू जिथं लागायचा ते मोकळं मैदान. आठ दिवस पाठ केलेलं भाषण ओठावर आलं. काळ्या टोपीनं वही उघडली, पेन्सिल जिभेला लावली. "इथं काय होतं?"

"गुरांचा बाजार," मी म्हणालो.

वाचनालयाचे चौघं एकमेकांकडं बघायला लागले. काळी टोपी म्हणाली, "मग सिनेमाची जागा म्हणून इथं कशाला आणलंत?"

"इथं सिनेमा नव्हता, हेच दाखवायला आणलं. लोकांचा उगीच गैरसमज असतो."

त्यांनी ते लिहून घेतलं. चालता चालता मला विचारलं, "तुम्ही स्वतः सिनेमाला किती वेळा जाता? एकटे, की मित्रांबरोबर? घरात आणखी कुणाला नाद?"

बघा, चौकशीच की नाही? माझ्या पाठीवर घामाची धार लागली. "मी? छे. आमच्या घरात कुणी नाही. आम्ही फक्त कीर्तनाला जातो."

तेही वहीत गेलं.

मी मागं पडलो तर पानवाला शेजारी. त्यानं चंची उघडून पान पुढं केलं. "लई घाम आलाय तुमास्नी. कशापायी घाबरताय?"

तुम्हाला म्हणून सांगतो, त्या वेळी मला कुणीतरी बोलायला हवंच होतं. आणि हा कोण, चादर घेऊन आपल्या गावी जाणारा माणूस, पुन्हा आयुष्यात भेटणार नाही. मी पान तोंडात घातलं आणि सुटलो. "ते काळ्या टोपीवाले आहेत ना, ते माझ्या होणाऱ्या सासरचे मामा आहेत. चोरून बघायला आलेत. सिनेमाचं कळलं तर लग्न मोडलं."

"आनि तुमी बघताय व्हय सिनेमा?"

"बघतो? अहो, गेल्या महिन्यात एकच सिनेमा अकरा वेळा बघितला. आई आजारी आहे म्हणून शाळेतनं तीन वेळा रजा काढली. हेडमास्तरांनी मोसंबी पाठवली आईला. ती ठणठणीत आहे. तिला वाटलं मला बढती मिळाली."

पानवाला खो खो हसला. मलाही जरा बरं वाटलं.

दुसरी जागा जुनं मूकपटाचं थिएटर. आता तिथं शेंगांची पोती भरलेली. पण भिंतीत तिकिटाची खिडकी तशीच, आणि तिच्यावर जुन्या रंगात 'जनाना' लिहिलेलं. मी छाती पुढं काढून सांगितलं, "इथं मारुतीचं देऊळ होतं."

"आणि ही खिडकी?" काळ्या टोपीनं छत्रीचं टोक रोखलं.

"नारळ घ्यायची."

"जनाना लिहिलंय वर."

"बायकांची रांग वेगळी असायची. दर्शनाला."

पुजारी कोण होते, मूर्ती कुठं हलवली, हेही त्यांनी विचारलं आणि मी सांगितलं. एकदा सुरू झाल्यावर थांबता येत नाही हो. वाचनालयाच्या चौघांपैकी एक निवृत्त ड्रॉइंग मास्तर होते. ते माझ्या कपाळाला हात लावून बघून गेले.

तिसरी जागा सरोज टॉकीज. ही टाळायची म्हणून मी सगळ्यांना पलीकडच्या बोळातनं न्यायला लागलो. पण गजाननरावांनी फेरीचा नकाशाच काढला होता. ते म्हणाले, "वसंतराव, इकडं." दारात आमचा डोअरकीपर बाबूमियाँ स्टुलावर बसलेला. मला बघून त्याचं तोंड फुललं.

"क्या वसंतराव, इत्ते सवेरे? खेल तो बारा बजे है ना. तुमारी कोनेवाली कुर्सी रख्यूँ क्या?"

"कोण तुम्ही? मी तुम्हाला ओळखत नाही."

बाबूमियाँचं तोंड एवढंसं झालं. सात वर्षांची दोस्ती होती आमची. ईदला माझ्या घरी शीरखुर्मा यायचा. तो काळ्या टोपीला म्हणाला, "मेरेकू नै पैचानते बोल रै. परसोंच तो आए थे ना."

काळी टोपी माझ्याकडं वळली. पेन्सिल तयार. मी म्हणालो, "तो मी नव्हे. माझा एक चुलतभाऊ आहे. हुबेहूब माझ्यासारखा. त्याला सिनेमाचा फार नाद."

आणि काय सांगू, त्या माणसाच्या चेहऱ्यावर सकाळपासून पहिल्यांदा आनंद दिसला. "मग मला त्यांनाच भेटायचं आहे. कुठं राहतात? आत्ताच जाऊ."

मला वाटलं, आता हे घराण्याची खोलात चौकशी करणार. तोंडातनं निघून गेलं, "तो वारला."

"परसों?" बाबूमियाँ स्टुलावरनं उठला. त्यानं टोपी काढून हातात धरली. डोळ्यांत पाणी आलं बिचाऱ्याच्या. माझ्याच मरणावर तो रडत होता आणि मी समोर उभा राहून मान हलवत होतो. इतकी लाज मला जन्मात वाटली नाही.

पुढं चालताना पानवाला पुन्हा शेजारी आला. मीच म्हणालो, "मला कळतंय हो, मी वाईट वागतोय. उद्या येऊन बाबूमियाँचे पाय धरणार आहे. पण ती मुलगी... टँकरचं पाणी पिणाऱ्या गावात तिनं मला भांडं भरून घ्यायला लावलं. ती मिळणार असेल तर मी सिनेमा सोडीन. आत्ताच सोडला समजा."

"सोडशीला?"

"प्रयत्न करीन," मी म्हणालो. त्याच्याशी खोटं बोलायचं काही कारणच नव्हतं ना.

शेवट एका हॉटेलात चहावर. बशा वाजायला लागल्या. काळ्या टोपीनं वही मिटली आणि ते उठायला लागले. मला वाटलं, आता हे जाणार आणि 'न्हाय' सांगणार. मी बाकड्यावरनं उठलो आणि सगळ्यांच्या देखत त्यांच्या पायांवर डोकं ठेवलं. "मामा, काही चुकलं असेल तर पोटात घाला. पण नकार देऊ नका."

ते दोन पावलं मागं सरकले. "कोण मामा? मी पुण्याहून आलोय. सोलापूरच्या जुन्या थिएटरांवर पुस्तक लिहितोय मी. तीन तासांत गुरांचा बाजार, मारुतीचं देऊळ आणि एक मयत चुलतभाऊ, एवढी माहिती मिळालीय मला."

मी अजून जमिनीवरच होतो. मागनं बशी खाली ठेवल्याचा आवाज आला.

"पाया पडायचं आसंल तर हिकडं पडा," पानवाला म्हणाला. "शालनचा मामा मी हाय."

तीन तास शेजारी सांगोल्याची बोली ऐकत होतो, आणि एकदाही डोक्यात उजेड पडला नाही. मास्तरांचे नातेवाईक छापील मराठी बोलत असतील असं मीच ठरवून टाकलं होतं.

मामा उठले. मी त्यांच्या मागनं एसटी स्टँडपर्यंत गेलो. चादरीचं काय झालं हे विचारायचीही सोय नव्हती. गाडीत चढताना धीर करून विचारलं, "घरी काय सांगणार?"

"जे ऐकलं त्ये," ते म्हणाले. "सम्दं."

पुढचे आठ दिवस मी कसे काढले ते माझं मला माहीत. दुसऱ्याच दिवशी बाबूमियाँकडं गेलो. तो आधी घाबरला, मग चिडला, मग मिठी मारली. घरात मात्र अन्न जाईना. आईला खरंच वाटायला लागलं की आता मोसंबी माझ्यासाठी आणावी लागणार.

नवव्या दिवशी आत्याची चिठ्ठी आली. "मामानं सगळं सांगितलं. मोसंब्यांचंसुद्धा. मास्तर म्हणाले, असला खोटारडा जावई नको. शालन आधी खूप हसली. मग म्हणाली, ज्याच्याशी खोटं बोलायची गरज नव्हती त्याच्याशी तो खरं बोललाय, मला एवढं पुरे. मामानं 'व्हय' म्हटलं. तारीख काढा."

लग्न झालं. पुण्याच्या त्या गृहस्थांना मी पुढं सगळ्या जागा खऱ्याखऱ्या दाखवल्या. दोन वर्षांनी त्यांचं पुस्तक टपालानं आलं. सगळं बरोबर होतं, फक्त पहिल्या पानावर माझ्या चुलतभावाला श्रद्धांजली होती. तेवढं सांगायचं राहून गेलं होतं.

आणि शालन? ती मला कधी काही विचारत नाही. शाळेतनं लवकर सुटून कुठं गेलो, डॉक्टर खरं काय म्हणाले, काही नाही. ती सांगोल्याला एक कार्ड टाकते. चार दिवसांनी मामा येतात, माझ्या शेजारी बसतात, चंची उघडतात आणि म्हणतात, "लई घाम आलाय तुमास्नी." कार्ड कुणी टाकलं, कशाला टाकलं, सगळं मला कळत असतं. तरी पान तोंडात गेलं की मी बोलायला लागतो.

परवा बुधवारी मामा येऊन गेले. नाहीतर या वेळी मी तुमच्याबरोबर चहा पीत कशाला बसलो असतो? सरोजला मॅटिनी सुरू झालीय.