सूर्यनारायणांचा सावकाश अंधार

नाटक कंपनीत त्यांना सगळे सूर्यनारायण म्हणत. ते उगवल्याशिवाय रंगमंचावर सकाळ होत नसे. प्रेक्षागृहाच्या मागच्या भिंतीला चिकटलेली त्यांची केबिन म्हणजे जरा मोठं कपाट: एक स्टूल, एक पंखा आणि दिवे कमी-जास्त करायच्या सरकपट्ट्यांची रांग. तिथे बसून या माणसानं किती पहाटा फुलवल्या, किती वादळं उठवली आणि किती बेताच्या चेहऱ्यांना देखणं केलं, याची गणती नाही. नटांना टाळ्या मिळत. यांच्याकडे लोक मागे वळून बघत ते फक्त दिवा चुकला तर.

हल्ली त्यांचे हात थरथरू लागले होते. घरी कप बशीत वाजला तर कुणी लक्ष देत नसे, पण इथे पट्टी थरथरली की सबंध नाटक थरथरायचं. चालू नाटकाच्या शेवटी म्हातारी आई एकटीच खुर्चीत बसते आणि तिच्या चेहऱ्यावरचा उजेड अगदी सावकाश विझत जातो. गेल्या प्रयोगात तो विझता विझता असा फडफडला की मागच्या रांगेत कुणीतरी फिस्सकन हसलं. आईचं काम करणाऱ्या बाई तडक मेकअपच्या खोलीत निघून गेल्या. मालकांनी मात्र खांद्यावर हात ठेवला.

"पुढच्या प्रयोगाला पुन्हा असं झालं, तर तुम्ही आता पहिल्या रांगेत बसून नाटक बघायचं. मानाने."

घरी हे कळल्यावर त्यांच्या सुनेच्या तळपायाची आग मस्तकात गेली. ती औषधांच्या गोदामात संगणकावर काम करायची. बोलायला फटकळ, कामाला वाघ. तिनं दिवे चालवणारा एक प्रोग्राम शोधून काढला. किती वेळात किती अंधार हवा ते आधी भरून ठेवायचं आणि वेळ आली की एक बटण दाबायचं. प्रोग्रामचा हुकूम दिव्यांपर्यंत पोचवायला सोबत एक डबी होती. पुढच्या प्रयोगाच्या दिवशी सूर्यनारायणांनी सकाळीच ती रंगमंचाच्या कडेला, दिव्यांच्या लाइनवर बसवली आणि तिची लांब वायर केबिनपर्यंत आणली. दुपारी सून अर्धी रजा टाकून लॅपटॉप घेऊन हजर झाली.

प्रोग्राम बिनबोभाट इन्स्टॉल झाला. लॅपटॉपच्या पडद्यावर अभिनंदनसुद्धा आलं. सुनेनं ऐटीत चिन्हावर दोनदा टिचकी मारली. एक चक्र क्षणभर फिरलं आणि गायब.

"हे काय?" सूर्यनारायण म्हणाले. "एंट्री घेतली आणि विंगेत पळाला?"

"पहिलाच प्रयोग आहे त्याचा. घाबरला असेल."

तिनं लॅपटॉप बंद करून चालू केला. चक्र फिरलं, गेलं. प्रोग्राम काढून पुन्हा टाकला. ये रे माझ्या मागल्या. व्हायरस पकडणारा पहारेकरी याला चोर समजत असेल म्हणून त्याला घटकाभर झोपवलं, तरी ढिम्म. मदतीच्या नंबरवर फोन लावला, तर पलीकडच्या मुलीनं पहिलाच प्रश्न केला, "डबी जोडली आहे ना? डबी सापडली नाही, तर तो न सांगता बंद होतो."

"जोडली आहे की," सून म्हणाली आणि पुढचे उपाय लिहून घेऊ लागली. तेही करून झाले.

रंगमंचावर खुर्ची लागली. सूर्यनारायण घड्याळाकडे न बघण्याचा प्रयत्न करत होते, आणि म्हणूनच सारखे बघत होते.

"राहू दे पोरी. नशिबात पहिली रांग दिसतेय."

"बाबा, रडगाणं नंतर. ती डबी मला दाखवा."

दोघं रंगमंचाच्या कडेला आले. सून गुडघ्यांवर वाकली. डबीवर एक हिरवा ठिपका लागायला हवा होता. डबी मात्र अंधारात गुडूप.

"हिला वीजच नाही."

"कशी असेल? रंगमंचाच्या दिव्यांचा मेन बंद आहे ना."

सून सावकाश उठली. "मेन बंद आहे?"

"म्हणजे काय! रंगमंचावर कुणी शिडीवर असेपर्यंत मेन बंद. माझे उस्ताद दिवा सरळ करायला चढले होते, खाली कुणीतरी मेन लावला आणि ते झटका बसून कोसळले. त्यानंतर त्यांनी पुन्हा शिडीला हात लावला नाही. तेव्हापासूनचा नियम."

"आणि हे तुम्ही मला आत्ता सांगताय?"

"तू कुठे विचारलंस? श्वास घेतो, हेही सांगत नाही मी."

सून हसावं की डोकं फोडावं या विचारात पडली. तोवर तिचा हात मेनकडे गेला होता. सूर्यनारायणांनी तो मध्येच धरला. त्यांचा हात थरथरत होता, पण पकड पक्की होती. वर खिडकीच्या चौकटीला रंग देत रंगारी अजून शिडीवरच होता.

"आधी तो खाली."

"बाबा, वेळ जातोय. तुमचाच."

"जाऊ दे."

रंगारी वरून म्हणाला, "सूर्यनारायण, एवढी कड तेवढी राहिलीय."

"कड प्रेक्षकांना दिसणार नाही. तू पडलास तर दिसशील."

रंगारी कुरकुरत उतरला. सूर्यनारायणांनी शिडी आडवी करून घेतली, सगळ्या विंगांत डोकावून पाहिलं, खणखणीत आवाजात मेन लावत असल्याचं जाहीर केलं आणि खटका ओढला. डबीवर हिरवा ठिपका टपकन उमटला.

मग सासरा आणि सून खुर्च्यांच्या रांगांमधून पोरांसारखे पळत सुटले. टिचकी. चक्र. आणि पडदा उघडावा तसा प्रोग्राम समोर उघडला, रंगीत पट्ट्यांच्या ओळीच्या ओळी घेऊन. केबिनमध्ये दोघांना नाचायला जागा नव्हती, तरी दोघंही नाचली.

सगळं नाटक भरायला आता वेळ नव्हता.

"फक्त शेवट भर," ते म्हणाले. "बाकीचं अजून हातांना जमतं. आधी मागची भिंत जाऊ दे. मग खुर्ची. चेहरा सगळ्यात शेवटी, आणि त्याला घाई नको. झोप लागते ना माणसाला, तसा."

"झोपेला किती सेकंद लावू?"

त्यांनी डोळे मिटून हवेत पट्टी ओढली. सुनेनं घड्याळ लावून मोजलं आणि आकडा भरला.

प्रयोग रंगला. शेवट आला. आई खुर्चीत बसली. सूर्यनारायणांनी थरथरतं बोट बटणावर टेकवलं, दाबलं आणि उचललं. भिंत गेली, खुर्ची गेली. हात रिकामे झाले तशी नजरही रिकामी झाली. इतकी वर्षं शेवटच्या क्षणी ती पट्टीवरच्या खुणांना खिळलेली असे. आज ती थेट बाईंच्या चेहऱ्यावर गेली, आणि त्यांना पहिल्यांदाच दिसलं की उजेड जाता जाता बाई किंचित हसतात. मग तो चेहराही गेला, कापसासारखा अलगद.

नाट्यगृह टाळ्यांनी दणाणलं. विंगेतून मालकांचा 'उजेड! उजेड!' असा चढा आवाज येत होता.

"बाबा," सुनेनं कोपर मारलं. "उजेड करा. लोक अंधारात टाळ्या वाजवतायत. बाईंना नमस्कार करायचाय."

"वाजवू दे की जरा," सूर्यनारायण डोळे पुसत म्हणाले, आणि पट्टी चाचपू लागले.