राजीनाम्याचा प्रवेश

चौदाव्या वर्षी मामा मला विलायतेला घेऊन गेला. आई आदल्या वर्षी वारली होती, ताई अठराची होती आणि बाबांना विक्रोळीच्या कारखान्यात पाळ्या असायच्या. पोरगं तिकडे शिकेल, माणसात येईल, असं मोठ्यांनी मिळून ठरवलं. मला कोणी विचारलं नाही. विचारलं असतं तरी विमानात बसायला मिळतंय म्हणून मी हो म्हटलं असतं.

शिकलो काहीच नाही. विशीत असताना टीव्हीवाल्यांना बसच्या कंडक्टरसाठी एक सावळा चेहरा हवा होता, तो मी दिला. तिथून पुढची पंधराएक वर्षं तिकडच्या टीव्हीवर आणि सिनेमांत मी कंडक्टर, वेटर नाहीतर दुकानदार होतो. दोनदा तर दुकानातच गोळी खाऊन मेलो. माझं इंग्रजी तोवर तिथल्या कुठल्याही पोरासारखं झालं होतं, पण कॅमेरा सुरू व्हायच्या आधी दिग्दर्शक सांगायचा, जरा मोडकं बोल. मी मोडकं बोलायचो. पोट भरत होतं, त्यामुळे रडगाणं गात नाही. पण घरी पत्र लिहिताना ‘नवं काम मिळालं’ एवढंच लिहायचो. कसलं काम ते कधी लिहिलं नाही.

लाज वाटायची, कारण बाबा नाटकातले होते. नट नव्हते, प्रॉम्प्टर होते. कारखान्याचं नाट्यमंडळ दरवर्षी कामगारांच्या नाट्यस्पर्धेत उतरायचं, आणि दिवसभर रंगखात्यात राबून बाबा संध्याकाळी विंगेत वही घेऊन बसायचे. एवढ्या वर्षांत एकदाही स्टेजवर गेले नाहीत, पण अख्खं नाटक पाठ. नट अडकलाय की मुद्दाम थांबलाय हे त्याच्या श्वासावरून कळतं, असं ते म्हणायचे. ज्याला कळत नाही तो नटाच्या चांगल्या थांब्यात वाक्य फेकतो आणि प्रवेशाची वाट लावतो. बाबांकडून तसं कधी झालं नाही, हे मंडळातले सगळे मान्य करायचे. आयुष्यात त्यांना स्वतःचा म्हणावा असा एवढाच एक मान मिळाला.

ऐंशी साल उलटून गेल्यावर ताईचं पत्र आलं की बाबांची नजर पूर्ण गेली. काचबिंदू. पत्राच्या शेवटी तिने लिहिलं होतं, आता इथे टीव्हीवर मराठी मालिका पण लागतात, तू इथे काम का करत नाहीस. मी सामान बांधलं. डोक्यात एकच होतं, बाबांनी मला एकदा तरी धड काम करताना ऐकावं, आणि तेही मराठीत. बघायची वेळ मी घालवली होती, ऐकायची अजून होती.

विक्रोळीच्या आमच्या दोन खोल्यांत परत राहायला लागलो आणि रोज अंधेरीला खेपा घालायला लागलो. दोन वर्षं घातल्या. हिंदी सिनेमांत कामं मिळाली, नाही असं नाही. सूट अंगावर बसतो म्हणून मला खलनायकाच्या मागे उभं करायचे. तीन सिनेमांत मी मागे उभा आहे, एकातही तोंड उघडलेलं नाही. बाबा विचारायचे, "आज काय बोललास?" मी म्हणायचो, आज फक्त तालीम झाली.

मग एका मराठी मालिकेत काम मिळालं. एकाच भागात, एकच प्रवेश. शाळेतला एक मास्तर हेडमास्तरांकडे राजीनामा घेऊन येतो आणि का देतोय ते सांगतो. पानभर स्वगतासारखं भाषण. मी कागद घेऊन घरी आलो आणि बाबांना वाचून दाखवला. ते दोनदा ऐकूनच त्यांना पाठ झालं.

तीन आठवडे त्यांनी मला पिळून काढलं. खाटेवर बसून, मान किंचित एका बाजूला करून ऐकायचे. "वाक्य गिळतोस तू. गोरे लोक गिळतात तसं. शेवटच्या शब्दापर्यंत श्वास पुरव." माझ्या मराठीला तिकडचा वास येतो हे मला माहीत होतं. तो काढायचा विडाच त्यांनी उचलला होता. ताई एका शाळेत शिकवायची, ती घरी यायची तेव्हा आम्ही तिथेच असायचो, ती हसून म्हणायची, "चहा तरी प्या रे, राजीनामा पळून जातोय का?" ते तीन आठवडे मी सुखात होतो, हे सरळ सांगून टाकतो. शेवटच्या दिवशी बाबा म्हणाले, "आता झालं. आता तू तिकडचा वाटत नाहीस." त्यांनी तसं म्हटलं आणि मी मानलं, कारण असल्या बाबतीत त्यांचा कान चुकत नाही हे मी लहानपणापासून ऐकत आलो होतो.

शूटिंग अंधेरीत एका बंद पडलेल्या शाळेत झालं. सांताक्रूझला उतरणारी विमानं सारखी डोक्यावरून जायची, म्हणून सेटवरचा आवाज वापरायचाच नव्हता. नंतर स्टुडिओत जाऊन प्रत्येकाने आपापली वाक्यं पडद्यावरच्या ओठांबरोबर बोलायची, असं ठरलं होतं. डबिंगसाठी फोन येईल म्हणाले. मी चाळीतल्या दुकानाचा नंबर देऊन ठेवला होता. फोन आला नाही. दोन आठवड्यांनी स्वतः ऑफिसात गेलो तर तिथला माणूस म्हणाला, "टेन्शन घेऊ नको यार, तुझं बघतो आम्ही." पुढे तो भाग टीव्हीवर लागायची तारीख ठरल्याचं कळलं तेव्हा मी स्वतःची समजूत काढली, सेटवरचाच आवाज चांगला आला असेल. एवढी वर्षं या धंद्यात काढून मला कळायला हवं होतं. कळलं नाही, कारण कळून घ्यायचं नव्हतं.

त्या संध्याकाळी बाबांनी घर भरवलं. शेजारपाजारचे आले, मंडळातले तिघे जुने नट आले. नाटकाचा पडदा वर जायच्या आधी नारळ फोडतात, तसा बाबांनी टीव्हीसमोर नारळ फोडायला लावला. धुतलेला सदरा घालून ते टीव्हीच्या अगदी जवळ खुर्ची घेऊन बसले. सगळे मागे, आणि ते पुढे बाजूला, विंगेत बसल्यासारखे.

माझा प्रवेश आला. मी दारातून आत आलो, कोणीतरी म्हणालं, "आला आला, बघा." मी तोंड उघडलं आणि त्यातून दुसराच माणूस बोलला. भरदार, गोड, रेडिओवर शोभेल असा आवाज. थांबे सगळे माझे होते, म्हणजे बाबांचे होते, पण त्या माणसाने ते उसासे-हुंकारांनी भरून टाकले होते. बाबांचे ओठ वाक्यांबरोबर हलत होते, दुसऱ्या वाक्याला थांबले. भाषण संपेपर्यंत मला त्यांच्याकडे बघवेना आणि टीव्हीकडेही बघवेना.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. "झकास काम केलंस रे." मंडळातल्या एकाने मला मिठी मारली. मंडळातल्यांनी मला लहानपणानंतर फार ऐकलंच नव्हतं आणि शेजारी नुसता चेहरा बघत होते, आवाज कुणाचा हे त्यांना काय कळणार? ते गेल्यावर बाबा बोलले. ते एरवी मुंबईचं मराठी बोलायचे, पण लागलं की मालवणी यायची. "काम दुसऱ्याक दिल्यानी. माका सांगूक नको?"

मी सांगितलं. चेहरा माझा होता, फक्त आवाज बदलला, न विचारता बदलला. ताईनेही सांगितलं, "बाबा, तोच होता, मी डोळ्यांनी बघितलं."

"तुम्ही सगळे मला आंधळा समजून गोड बोलताय," बाबा म्हणाले. "मंडळातल्यांना पण शिकवलंत वाटतं."

"आवाज का बदलतील ते तरी ऐका," मी चिडून म्हटलं. "माझी बोली त्यांना तिकडची वाटली असेल."

"तिकडची?" बाबा म्हणाले. "तुझ्यात तिकडचं आता काही नाही. मी ऐकलंय ना. मी सांगतोय ना तुला."

तेव्हा मला दिसलं की मी काय करतोय. माझं म्हणणं खरं असेल तर बाबांचा कान चुकला होता. डोळे गेले होते, नोकरी गेली होती, मंडळ बंद पडलं होतं, राहिला होता तो कानच. आणि मी टीव्हीवरच्या पाच मिनिटांसाठी तो काढून घ्यायला निघालो होतो. मला स्वतःची शरम वाटली, आणि रागही आला, त्यांचाही आला. एवढ्या वर्षांत मला मिळालेलं एकच धड काम होतं ते.

"हो बाबा," मी म्हटलं. "दुसऱ्यालाच दिलं. तुम्हाला सांगवलं नाही."

त्यांनी ताईच्या दिशेने तोंड वळवलं. "तुला माहीत होतं?"

ताईने माझ्याकडे पाहिलं. "हो बाबा," ती म्हणाली.

बाबांचे खांदे खाली आले. चाचपडत त्यांनी माझा हात धरला आणि म्हणाले, "असू दे. तू ह्याच्यापेक्षा बरं केलं असतंस."

दुसऱ्या दिवशी सकाळी ताईचा हात धरून ते चाळीत दारोदार गेले. पोराला ऐनवेळी काढून दुसरा घेतला, त्याच्यासमोर विषय काढू नका, असं प्रत्येकाला सांगून आले. ज्यांनी मला आदल्या संध्याकाळी पाहिलं होतं ते एकेक जण त्यांना बरं म्हणाले, आणि पुढे मी विलायतेला परत गेलो, तोपर्यंत कुणीही माझ्याजवळ तो विषय काढला नाही.