मालनकाकूंचा तिसरा अंक

खर्ड्यात मालनकाकूंचं आणि आमचं घर समोरासमोर. मधे जेमतेम एक बैलगाडी जाईल एवढा बोळ. सकाळी त्या शेतात असायच्या. दुपारी दोनच्या सुमारास त्यांच्या शिलाई मशिनचा आवाज सुरू झाला की माझी आई चहाचं आधण ठेवायची. काकू चौथीपर्यंत शिकलेल्या. पोरींची झंपरं, पोरांचे सदरे, जूनमध्ये शाळेचे गणवेश, सगळं त्याच शिवायच्या. मापाची टेप गळ्यात असायची, पण बहुतेक वेळा नुसतं बघूनच त्या कापड बेतायच्या आणि ते अंगाला बरोबर बसायचं.

माझे वडील विष्णुपंत गावात हेडमास्तर. यात्रेला दरवर्षी ऐतिहासिक नाटक व्हायचं. लिहायचे वडील, बसवायचेही वडील. मी त्यांची मुलगी लीना, तेव्हा एकोणीस वर्षांची. विंगेत वही घेऊन बसायचं आणि नट अडखळला की वाक्य पुरवायचं, हे माझं काम.

गोष्ट १९७२ची. डिसेंबरातलं युद्ध नुकतंच संपलं होतं, गावात लढाईशिवाय दुसरा विषय नव्हता. वडिलांनी किल्ल्याच्या वेढ्यावर तीन अंकी नाटक लिहिलं. त्यातला किल्लेदार आणि त्याची बायको राजसबाई ही दोन्ही माणसं त्यांच्या मनातली. राजसबाई पहिल्या अंकात नवऱ्याला ओवाळते, दुसऱ्यात त्याला निरोप देते आणि तिसऱ्यात जासूद येऊन किल्लेदार पडल्याची हकिकत दोन पानं सांगतो, ती ऐकून मूर्च्छित पडते. एवढंच तिचं काम. ते करणार होते आसाराम. तिशीतला शेतकरी माणूस, पण दहा वर्षं गावच्या नाटकात बाईचं काम तेच करत. यात्रेआधी महिनाभर मिशी काढायचे आणि त्याबद्दल कोणी हसलं तर त्यांना अजिबात खपायचं नाही.

त्या वर्षी नगरच्या ड्रेपरीवाल्याने नेमक्या आमच्या तारखेला दुसऱ्या गावाला कपडे दिले. वडिलांनी मालनकाकूंना बोलावलं. कपडे करायचे तर नाटक कळायला हवं, म्हणून त्यांना ओसरीवर बसवून पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचून दाखवलं. वाचन संपल्यावर काकू म्हणाल्या, "गुरुजी, ही राजसबाई करती काय?"

"म्हणजे? किल्लेदारीण आहे ती."

"ते झालं. पर दिसभर काय करती? वोवाळायचंच आसंल तर बाही मनगटापत्तुर चालती. काम करायचं आसंल तर कोपराच्या वर पायजे. मी बाही कशी बेतू?"

वडील हसले. "लांबच बेता."

काकूंनी आधी सैनिकांचे अंगरखे शिवायला घेतले. वार अंगात उतरू नये म्हणून आत कापूस भरलेला जाड अंगरखा घालत, असं वडिलांनी सांगितलं होतं. काकूंनी जुनी गादी उसवली, कापूस पिंजून घेतला, दोन कापडांमध्ये पसरला आणि उभ्याआडव्या टिपा मारून एक अंगरखा पुरा केला. तो घेऊन त्या पाचव्या दिवशी आमच्याकडे आल्या. बोटं सुजली होती.

"गुरुजी, गडावर मान्सं किती धरलीत तुमी?"

"पाचशे."

"ह्या येकाला मला चार दिस लागले. मशिन आसून. मंग पाचशे कोनी शिवले?"

"असतील शिंपी."

"वेढा पडल्याव? वैरी दारात आल्याव येवढे शिंपी आनायचे कुठून? बायांनीच शिवले आसनार. राजसबाईच्या वाड्यात बसून. आन् तुमच्या नाटकात त्यातली येक बाई न्हाई."

वडिलांचा चेहरा उतरला. "मालनबाई, इतिहासात याचा काही पुरावा नाही."

"तुमच्या किल्लेदाराचा हाय?"

मी हातातली बशी तशीच धरून उभी राहिले. वडिलांना असं कोणी बोलत नसे. ते उठले आणि म्हणाले, "नाटक मी लिहिलंय. तुम्ही फक्त कपडे शिवा."

काकू अंगरखा उचलून गेल्या. तीन दिवस दुपारी मशिनचा आवाज आला नाही. आईने दोनदा विचारलं, बरं नाही का त्यांना. चौथ्या दिवशी बोळापलीकडून हाक आली, "लीना, जरा येऊन जा."

त्या जमिनीवर बसल्या होत्या. पुढ्यात कापड बेतायचे खाकी कागद. बाहीचे, पाठीचे, गळ्याचे. त्यांच्या मागच्या बाजूला पेन्सिलीने लिहिलेलं होतं. अक्षर मोठं, काना-मात्रा कुठेही गेलेल्या. गळ्याच्या कागदावर ओळ खाचेपाशी तुटायची आणि पलीकडे पुन्हा सुरू व्हायची.

"वाच," त्या म्हणाल्या. "चुकलं आसंल तर हसू नको."

मी वाचायला लागले. राजसबाई गडावरच्या बायकांना घेऊन अंगरखे शिवत बसली आहे. प्रत्येक बाई आपल्या माणसाच्या अंगरख्याला आतून, गळ्यापाशी, आपल्या खुणेचा टाका घालते. कोणाचा काटकोनी, कोणाचा तिहेरी, कोणाचा चांदणीसारखा. बाहेरून सगळे अंगरखे सारखे. मग लढाई होते. जासूद येत नाही. येतं ते एक गाठोडं, मेलेल्यांच्या अंगावरून काढलेल्या अंगरख्यांचं. राजसबाई एकेक उलटा करते, टाका बघते आणि त्या त्या बाईचं नाव घेते. सहा नावं घेते. सातवा अंगरखा उलटते आणि नाव घेत नाही. बायका समजतात. ती तो मांडीवर घेते आणि सुई मागते. म्हणते, "फाटलंय तेवढं शिवा. कापूस अजून चांगला हाय. सकाळी दुसऱ्याला लागंल."

मी शेवटचा कागद खाली ठेवला. मग विचारलं, "काकू, हे तुम्हाला सुचलं कसं?"

त्यांनी कागद गोळा केले, नीट एकावर एक ठेवले आणि मग सांगितलं. त्यांचा धाकटा भाऊ सहादेव पलटणीत होता. बराकीत सगळ्यांचे कपडे सारखे, अदलाबदल होते, म्हणून सुट्टीवर आला की बहिणीकडून प्रत्येक सदऱ्याच्या कॉलरमध्ये लाल दोऱ्याचे तीन टाके घालून घ्यायचा. पासष्टच्या लढाईत तो गेला. त्याची ट्रंक माहेरी आली तेव्हा काकू तिथेच होत्या. आईला वाचता येत नव्हतं. तिने एकेक कॉलर उलटून पाहिली. सगळ्यांना लाल टाके होते, एका सदऱ्याला नव्हते. तो चुकून दुसऱ्या कुणाचा आला होता. "तेवढ्या येका सदऱ्यावर आई दोन दिस म्हनत हुती, ही ट्रंक आपली न्हाई, परत घेऊन जा," काकू म्हणाल्या. "मी टाके घातले नसते तर बरं झालं असतं आसं मला लई वर्सं वाटायचं. आता न्हाई वाटत."

मी ते सगळं वहीत शुद्ध करून उतरवलं. शुद्ध म्हणजे काना-मात्रा तेवढ्या नीट केल्या, बोलणं त्यांचंच ठेवलं. वडिलांना दाखवायचं धाडस झालं नाही. वही आसारामकाकांना नेऊन दिली. त्यांनी मळ्यात विहिरीच्या काठावर बसून दोनदा वाचली आणि एवढंच म्हणाले, "मला दोन दिस दे."

तालीम शाळेच्या मोठ्या खोलीत व्हायची. तिसरा अंक लागला. जासूद आत यायच्या आत आसारामकाकांनी हात वर केला, घरून आणून कोपऱ्यात ठेवलेलं जुन्या सदऱ्यांचं गाठोडं ओढलं आणि अंगरखे म्हणून ते उलटायला सुरुवात केली. वडील "हे काय?" म्हणाले, पण आसारामकाका थांबले नाहीत. बायकांची नावं घेताना त्यांचा आवाज अगदी साधा होता, पाटावर जेवायला बोलवावं तसा. सातव्या अंगरख्यापाशी बाहेर रवंथ करणाऱ्या बैलाची घुंगरं ऐकू आली. सैनिकांचं काम करणारे चौदा गडी, एकानेही मान वर केली नाही.

वडिलांनी वही मिटली आणि बाहेर गेले. वडाखाली बराच वेळ उभे होते. परत आले तेव्हा त्यांनी माझ्याकडे बघून विचारलं, "कोणी लिहिलं?" उत्तर त्यांना माहीत होतं. तरी मी सांगितलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते स्वतः बोळ ओलांडून गेले. मी मागे होते. काकू शेतावर निघाल्या होत्या, डोक्यावर पाटी.

"मालनबाई," वडील म्हणाले, "जासुदाचं भाषण मी काढून टाकतोय. पण एक विचारू? ती रडत का नाही?"

"रडंल की गुरुजी. घरात गेल्याव. आत्ता गडाव मान्सं उघडी हायेत."

वडिलांनी मान हलवली. मग म्हणाले, "बाही कोपराच्या वरच ठेवा."

"तशीच बेतलीया," काकू म्हणाल्या.

यात्रेच्या दिवशी दिवेलागण झाल्यावर नाटक सुरू झालं. बायका एका बाजूला, पुरुष एका बाजूला, पोरं पुढे. काकूंची आई माहेरहून आली होती, तिला मी बायकांमध्ये पहिल्या रांगेत बसवलं. हस्तपत्रकं आधीच छापून झालेली, त्यांवर लेखक म्हणून वडिलांचं एकट्याचं नाव. लढाईला टाळ्या पडल्या, शिट्ट्या पडल्या. तिसऱ्या अंकात गाठोडं आलं आणि सगळी गडबड थांबली. आसारामकाकांनी पहिला अंगरखा उलटा केला, तेव्हा बायकांच्या बाजूने कुणीतरी "आगं बाई" म्हटलेलं ऐकू आलं.

पडदा पडला. वडील कोट घालून पडद्यापुढे गेले. त्यांच्या हातात पत्रक होतं. "यावर छापलंय ते अर्धंच खरं आहे," ते म्हणाले. "तिसरा अंक माझा नाही. मी पंधरा वर्षं नाटकं लिहितोय, मला तो सुचला नसता. तो लिहिलाय आपल्या गावच्या मालनबाई कानिफनाथ ढगे यांनी."

पडदा ओढायचं काम कानिफनाथकाकांकडे होतं. म्हणजे काकूंच्या मालकांकडे. फार कमी बोलणारा माणूस. आपल्या बायकोचं नाव ऐकलं आणि त्यांच्या हातून दोरी भलतीकडेच ओढली गेली. पडदा पुन्हा उघडला. स्टेजच्या मधोमध मालनकाकू खाली बसलेल्या, दातांत दोरा धरून आसारामकाकांच्या लुगड्याचा फाटलेला काठ टाचत होत्या. सगळा गाव समोर. काकूंनी वर पाहिलं, काय झालं ते त्यांना कळेना. आसारामकाकांनी त्यांना हाताला धरून उठवलं. "वहिनी, तुमाला टाळ्या वाजवतेत लोक," ते म्हणाले. पुरुषांच्या बाजूने टाळ्या चालल्या होत्या, पण बायका उठून उभ्या राहिल्या होत्या. खर्ड्याच्या यात्रेत मी तोवर असं कधी पाहिलं नव्हतं.

काकूंची आई घरी जाताना लेकीला म्हणाली, "बराबर केलंस."

पुढच्या वर्षी दुष्काळ. यात्रेत नाटक नव्हतं, शाळाही अर्धी रिकामी. काकू रस्त्याच्या कामावर दगड वाहायला जात. तिथे शंभर बायका रांगेने पाट्या पुढे देताना बघून त्यांना किल्ल्याची भिंत दिसली, असं त्या म्हणायच्या. त्यावरून त्यांनी अख्खं नाटक लिहिलं, चुना मळणाऱ्या आणि गडावर पाणी चढवणाऱ्या बायकांचं. या वेळी वहीत. वडिलांनी फक्त प्रवेशांचे क्रमांक घातले.

चौऱ्याहत्तर साली ते जामखेडला स्पर्धेत गेलं आणि पहिलं आलं. पत्रकावर 'लेखिका' असं छापलेलं होतं. बक्षीस देताना परीक्षकांनी काकूंना विचारलं, "ही तुमची नायिका कुठल्या बखरीत सापडली?"

"सापडली न्हाई, सायेब. मी केली," काकू म्हणाल्या. "पर आसनारच की ती. न्हाईतर भिंत उभी ऱ्हायली कशी?"

दुसऱ्या दिवशी आम्ही एस.टी.ने परत निघालो. ढाल काकूंच्या मांडीवर. कंडक्टरने तिकीट फाडताना विचारलं, हे कशाचं? काकूंनी सांगायला सुरुवात केली. पुढच्या बाकावरची माणसं वळून बसली, मागची उठून दांडीला धरून उभी राहिली. वडील खिडकीशी बसून, आपण काही ऐकत नाही असं दाखवत, सगळं ऐकत होते. खर्ड्याचा स्टँड आला, गाडी थांबली, उतरणारे उतरेनात. काकूंचा शेवटचा प्रवेश अजून चालू होता. ड्रायव्हरने मागे वळून हाक दिली. कंडक्टरने हात दाखवून त्याला गप्प केलं, आणि गोष्ट संपेपर्यंत घंटी दिली नाही.