शर्यतीपुढची हाळी

बेडशाच्या गोरखआबांना स्वतःची मोटार कधी झाली नाही, पण मोटारींच्या पुढे धावण्याचा मान त्यांच्याएवढा साऱ्या मावळात कुणी मिरवला नसेल. पाऊसकाळ सरला की बेडसे फाट्यावरून मोटारींची शर्यत सुटायची ती पवनेच्या कडेकडेने, दुधिवऱ्याची खिंड चढून थेट लोणावळ्यापर्यंत. ती बघायला मुंबई-पुण्याची माणसं लोटायची. आता रस्ता म्हणजे गावच्या ढोरांची हक्काची बसायची जागा. त्यांना शर्यत कोण सांगणार? म्हणून पहिल्याच वर्षी तरण्या गोरखला पुढे धाडलं. आधी सायकलवर, पुढे लुनावर. तो शेवटच्या वस्तीपर्यंत हाळी देत जायचा. बाया पोरं आत ओढायच्या, गडी ढोरं दाव्याला बांधायचे. गोरख परत येऊन मान हलवेपर्यंत निशाण खाली पडायचं नाही. मोठमोठे शेठ गाडीत चाकावर हात ठेवून या पोराच्या मानेकडे बघत बसायचे. काय तो रुबाब! त्या दिवसासाठी गोरखची बायको येसूबाई त्याचा सदरा आदल्या दिवशीच नीळ घालून वाळवायच्या.

गेले ते दिवस. आता पुढे भोंगा वाजवत जीप जाते, दोन्ही बाजूंना कठडे लागतात, हाळी कुणाला हवी? तीनेक वर्षांपूर्वी तर शर्यतीची सुरुवातच लोणावळ्याकडे सरकली आणि बेडशाच्या वाट्याला धुरळासुद्धा राहिला नाही. राहिलं होतं ते नाव. बेडसे-लोणावळा मोटार शर्यत. यंदा शर्यत भरवणाऱ्या क्लबने ठरवलं की कागदोपत्री एकच सुटसुटीत नाव हवं. लोणावळ्याचे हॉटेलवाले म्हणाले, लोणावळा शर्यत. झालं, गाव पेटलं.

सगळ्यांत जास्त पेटले गोरखआबा. “गाड्या गेल्या, माणसं गेली. आता नावबी नेत्यात व्हय?” पारावर बसून ते येणाऱ्या-जाणाऱ्याला हेच विचारत. त्यांचं दुखणं साधं होतं. नावातून बेडसं गेलं, तर आपण जवानीत कशापुढे पळत होतो, हे उद्या नातवंडांना खरं वाटायचं नाही.

लोणावळ्यात बैठक भरली. गावच्या तरुण सरपंच अमृताताई आबांना गाडीत घालून घेऊन गेल्या. तिथे जुन्या पत्रकांवरून वाद घालण्यात अर्थ नव्हता, कारण सुरुवातीला पत्रकं छापलीच नव्हती. क्लबचा सचिव संदेश भला माणूस. तो म्हणाला, “पहिल्या वर्षापासून ज्यांनी शर्यत पाहिली, त्यांनी सांगावं लोक तिला काय म्हणायचे. तेच नाव ठेवू. मान्य?” अमृताताईंनी तत्काळ मान्य म्हटलं. पहिल्या वर्षाचा माणूस त्यांच्याच शेजारी बसला होता.

संदेशने नमस्कार केला. “आबा, हाळी तुम्हीच द्यायचात ना? आम्ही लहानपणी नुसतं ऐकलंय. एकदा देऊन दाखवा की!”

आबांचा चेहरा असा उजळला, की बघणाऱ्याचंही मन भरून यावं. किती वर्षांनी कुणी ती मागितली होती! ते उठले, टोपी सारखी केली, कानावर हात ठेवला आणि डोळे मिटले. समोर ना हॉल होता, ना खुर्च्या. फाट्यावरचं कोवळं ऊन, हातात लुना आणि पाठीमागे गुरगुरणाऱ्या गाड्या. आवाज अजून खणखणीत होता.

“बांधा रं ढोरं! पोरं आत घ्या गं! लोणावळ्याची शर्यत आली, लोणावळ्याची!”

शेवटचा शब्द स्वतःच्या कानावर पडला तेव्हा आबांनी डोळे उघडले. अमृताताईंनी कपाळाला हात लावला होता. घशाला जे वळण पडलेलं, तेच बाहेर आलं. खोटं बोलायला घशाला सवडच मिळाली नव्हती. बेडशात त्या शर्यतीला दुसरं काही म्हणतच नसत. आपल्या दारातून जी गोष्ट जाते, तिला आपल्याच गावाचं नाव कोण देतो? लोणावळ्याला जाते म्हणून लोणावळ्याची.

कुणी हसलं नाही, आणि तेच आबांना जास्त लागलं. संदेशने नाव जाहीर केलं, तेही हळू आवाजात. परतीच्या वाटेवर अमृताताई म्हणाल्या, “जाऊ द्या आबा, तुम्ही खरं तेच बोललात.”

घरी येऊन आबा उंबऱ्यावरच बसले. येसूबाईंना सगळी हकिकत सांगितली आणि म्हणाले, “म्याच घालवलं गं. पंचवीस-तीस वरसं गळा फोडून वरडलो, पन आपल्या गावाचं नाव एकदाबी तोंडातनं काडलं न्हाई.”

येसूबाई तांदूळ निवडत होत्या. त्यांनी सूप बाजूला ठेवलं आणि नवऱ्याकडे रोखून पाहिलं.

“अवो, लगीन करून आल्यापासनं म्या तुमचं नाव कदी तोंडातनं काडलंय का? मग तुमी माझं न्हवता व्हय?”