टप झालं की...

बाय गेली त्याला दीड महिना झाला. बाय म्हणजे माझी मोठी जाऊ. तापाचं निमित्त झालं आणि तीन दिवसांत सगळं आटोपलं. सकाळी मी पेज घेऊन गेले तर तिचा हात खाटेखाली लोंबत होता, जमिनीवर काही चाचपत असल्यासारखा...

केळव्याच्या आमच्या वाडीत पिकलेल्या सुपाऱ्या आपोआप गळतात. पडलेली सुपारी बाय तशीच राहू देत नसे. कुणाशीही बोलत असो, टप झालं की ती वाकलीच. तिचा डावा डोळा लहानपणी देवीत गेला होता. उजव्यात मोतीबिंदू झाला तेव्हा पालघरचे डॉक्टर म्हणाले, अजून पिकला नाही, थांबा. बाय हसली. "पिकला की गळंल आपोआप. मंग तुमचं काय काम?"

वर्षभराने तो पिकला. घरातले दोन्ही पुरुष तारापूरला नव्या अणुवीज केंद्राच्या बांधकामावर, रजा मिळेना, म्हणून दवाखान्यात तिच्याजवळ मी राहिले. आधी पापण्यांचे केस कापले, मग डोळ्याशेजारी सुई टोचली. ऑपरेशनभर ती जागी होती. दुखलं नाही, पण डॉक्टर मधेच बोलायचे थांबले त्याचं भय वाटलं, असं नंतर सांगत होती. पुढे दोन्ही डोळ्यांवर पट्टी आणि डोकं हलू नये म्हणून दोन्ही बाजूंना वाळूच्या पिशव्या. खोकायचं नाही, शिंकायचं नाही, चावायचंही नाही. मी चमच्याने पेज पाजायची. निघताना नर्सने मला बाजूला घेतलं. "दीड महिना वाकू द्यायचं नाही. टाका तुटला तर डोळा गेला. आता तुझ्यावर आहे."

घरी आल्यावर मी उजाडायच्या आत सुपाऱ्या वेचून टाकायची. पण त्या दिवसाही पडत. डोळ्यावर हिरवी झापड बांधून बाय ओटीवर बसे, मी शेजारी. टप झालं की माझ्या हाताखाली तिचा खांदा ताठ होई. "धर गो घट्ट," म्हणून ती हसे. मला हसू येत नसे.

पाचव्या आठवड्यात सुपारी बघायला एक परके व्यापारी आले. परक्या पुरुषासमोर मी कधी थांबलेली नाही. पदर ओढून आत गेले, दाराआड उभी राहिले... आणि अगदी पायरीशी टप झालं. बाय, नको, एवढंच ओरडायचं होतं. बाहेर ते गृहस्थ बसले होते. मी पदर तोंडाशी धरून तशीच उभी राहिले. मी बाहेर आले तेव्हा सुपारी तिच्या मुठीत होती.

संध्याकाळपर्यंत डोळा रक्तासारखा लाल झाला. चष्म्याचा नंबर काढायला पुढच्याच आठवड्यात जायचं होतं. ते राहिलंच. त्यानंतर दोन वर्षं ती अंधारात जगली.

तिने मला कधी बोल लावला नाही. "सवय गो. हात आदीच खाली गेला," एवढंच म्हणाली. मी दाराआड उभी होते हे तिला ठाऊक होतं का? मी विचारलं नाही.

काल ओटीवर एकटीच बसले होते. टप झालं. सुपारीकडे मी पाहिलंही नाही. हात शेजारी गेला, खांदा धरायला.