मोटारीचं सीमोल्लंघन

आमच्या मोटारीचं झाकण उघडून त्यात डोकं खुपसलं की बाबा जितके सुखी दिसत, तितके ते खटला जिंकून घरी आल्यावरही दिसत नसत. झाकण लावून ती चालवायची वेळ आली की मात्र त्यांचा चेहरा उतरे.

गाडी मूळची छावणीतल्या एका साहेबाची. तो विलायतेला परत जाताना त्यानं ती बाबांना स्वस्तात दिली. बाबा म्हणत, साहेब मोठ्या मनाचा. आई म्हणे, साहेब सुटला. जबलपुरातल्या बाकी वकिलांकडे उघड्या टपाच्या मोटारी होत्या. आमची मात्र चार दारांची, चहूबाजूंनी काचा आणि आतून पडदे असलेली बंद गाडी होती. अशी गाडी बाबांनी मुद्दाम का घेतली, हे मला पुष्कळ उशिरा कळलं.

रविवारी सकाळी इंजिनाची सेवा चाले. बाबा जुनं धोतर खोचून, उघड्या अंगानं अंगणात येत आणि आधी जानवं कानावर अडकवत. एकदा ते पंख्याच्या पट्ट्यात गेलं होतं आणि त्याच्यामागून बाबाही जाता जाता वाचले होते, तेव्हापासूनची ही खबरदारी. पण जानवं कानावर घेऊन माणूस कुठे जातो हे सगळ्यांनाच ठाऊक. त्यामुळे फाटकाशी आलेले अशील तोंड फिरवून उभे राहत आणि बाबा तिथेच उभे राहून त्यांच्याशी बोलू लागले की बिचारे गोंधळून जात.

या सेवेत घरातली कुठलीच वस्तू सुरक्षित नसे. श्रीखंडासाठी दही बांधायची मलमल पेट्रोल गाळायला जाई. ती आईनं कितीही धुतली तरी पुढच्या श्रीखंडाला वास येई, आणि पाहुण्यांसमोर बाबा निर्लज्जपणे म्हणत, “केशर जरा वेगळं आहे.” प्लग घासून तुळशीच्या कट्ट्यावर उन्हात वाळत ठेवले जात. त्यावरून आत्याचा आणि त्यांचा दर आठवड्याला खटका उडे.

आत्या बाबांची थोरली बहीण. कळायच्या आत तिचं लग्न झालं आणि कळायच्या आत कुंकू पुसलं गेलं. ती माहेरी आली ती कायमचीच. आमची आजी गेल्यावर बाबांना तिनंच वाढवलं. अत्यंत सोवळी बाई. स्वतःच्या हातानं जात्यावर दळलेलं पीठ खाणार, गिरणीच्या पिठाला शिवणार नाही. गाडीचं तर नावच नको, कारण आतल्या बैठका चामड्याच्या. “मेल्या ढोरावर बसून मी कुठं जाणार नाही,” एवढं बोलून तिनं विषय संपवला होता.

तो विषय पुन्हा उघडला एका भोकामुळे. इंजिनाच्या पुढे पाण्याची जी टाकी असते, बाबांच्या भाषेत रेडिएटर, ती खालून ठिबकू लागली. कुंडमच्या रस्त्यावर लाकडं वाहणाऱ्या एका लॉरीवाल्यानं बाबांना तोड सांगितली आणि बाबा थेट स्वयंपाकघराच्या दाराशी आले.

“अक्का, मूठभर हळद दे.”

“कोणाला लागलं?” आत्या घाबरून उठली.

“गाडीला.”

“हळद चालते तिला?”

“चालते काय, हळदीनंच गळती थांबते तिची.”

आत्या त्या दिवशी पहिल्यांदा गाडी बघायला अंगणात आली. लांब उभी राहून तिनं बघितलं. बाबांनी टाकीचं टोपण काढून हळद आत सोडली, इंजिन चालू केलं. आधी पिवळे थेंब पडले, मग हळूहळू बंद झाले. बाबांना वाटलं, आत्या आता त्यांच्या हुशारीचं कौतुक करील. ती गाडीकडे बघत म्हणाली, “म्हणजे ही आपल्यातलीच आहे.”

तेव्हापासून घरात गाडीचं स्थान बदललं. आत्या तुळशीला पाणी घालून आली की वाकून गाडीखाली बघे. “आज गळून नाही राहिली,” असं आईला सांगे. जणू कुणाच्या तरी पोराचा ताप उतरला होता.

गाडीच्या तब्येतीची चौकशी करणारा आणखी एक माणूस होता. ओमती मोहल्ल्यातला चक्कीवाला. पिठाची चक्की फिरवायला त्याला एक दणकट इंजिन हवं होतं आणि त्याचा डोळा आमच्यावर होता. पण माणूस सभ्य. कधी घाई केली नाही. आजारी श्रीमंत काकाच्या समाचाराला यावं तसा सायकलवरून यायचा आणि अदबीनं विचारायचा, “वकील साहब, इंजिन की तबीयत कैसी है?” बाबा जळफळत.

त्या वर्षी पावसाळा संपता संपता गाडी ओमतीच्या ठाण्यासमोर बंद पडली. ती तिथे इतक्यांदा बंद पडलेली होती की शिपाई न सांगता बाहेर आले आणि बाह्या सरसावून ढकलू लागले. त्यांच्यात चक्कीवालाही होता. ढकलता ढकलता त्यानं प्रेमानं झाकणावरून हात फिरवला, आणि बाबांचा तोल गेला. भर रस्त्यात त्यांनी जाहीर केलं, “इस दशहरे को मेरी गाड़ी पाटन का नाका पार करेगी! नहीं की, तो इंजिन तुम्हारा!”

पाटनचा नाका म्हणजे जबलपूरची शीव. घरी येऊन बाबांनी हे सांगितलं आणि लगेच दुसरा बाँब टाकला. “अक्का, सीमोल्लंघनाला तूही चल गाडीत.”

दसऱ्याला माणसं शिवेबाहेर जातात, शिलंगणाचं सोनं लुटून आणतात. विधवेनं त्या दिवशी कुणाच्या समोर यायचं नाही, हे आमच्याकडे कुणी बोलून दाखवत नसे, इतकं ते ठरलेलं होतं. दरसाल आम्ही सगळे नटूनथटून बाहेर पडत असू आणि आत्या मागच्या खोलीत वाती वळत बसे. बंद, पडद्यांची गाडी बाबांनी का घेतली, ते मला त्या क्षणी कळलं. ज्या गाडीला मी मनातून हसत होते, तिच्याकडे मी दारातून वळून बघितलं.

“बाबू, येडा झाला का तू? लोक काय म्हणतील?”

“पडदे आहेत.”

“अन् चामडं?”

“वन्सं, तुमची धाबळी पसरू वर,” आई पटकन म्हणाली. लोकर सोवळ्यात चालते. आत्या हळूच म्हणाली, “नाक्यापर्यंत जाईल ना पण ती?”

आता पणाला लागलं होतं ते हे. गाडी नाक्याअलीकडे थांबली, तर इंजिन चक्कीला जाणार होतं आणि आत्याचं सीमोल्लंघन राहणार होतं. दुसऱ्यांदा ती तयार झाली नसती, हे आम्हाला सगळ्यांना माहीत होतं.

दसऱ्यापर्यंत बाबांनी इंजिन एखाद्या नवरदेवासारखं न्हाऊमाखू घातलं. रबरी नळ्या बदलल्या, तेल बदललं, पट्टा ताणला. आदल्या दिवशी आत्यानं जवळ येऊन विचारलं, “हिचं तोंड कोणतं?” बाबांनी कौतुकानं रेडिएटरचं टोपण दाखवलं. “इथून पाणी पिते.”

दसऱ्याच्या सकाळी गाडीची पूजा झाली. बाबांचे पाने, पक्कड, पेचकस हीच आमच्या घरची शस्त्रं. ती पाटावर मांडली होती. आईनं इंजिनाला हळदकुंकू लावलं, झेंडूची माळ घातली. बाबा फेटा बांधायला आत गेले. तेव्हा आत्या सोवळ्यानं तांब्या घेऊन आली. हळदकुंकवावर तिचा हक्क नव्हता, पण पंचामृतावर होता, आणि तो ती आज सोडणार नव्हती. तिनं पदरानं टोपण काढलं आणि दूध, दही, तूप, मध, साखर घातलेलं अख्खं तांब्याभर पंचामृत आत ओतलं. आई शेजारी उभी होती, मी उभी होते. आम्हाला त्यात काहीही वावगं वाटलं नाही. हळद तर गाडीला पचलीच होती. उलट आई म्हणाली, “वाटीभर घातलं असतं तरी चाललं असतं,” आणि आत्या म्हणाली, “एवढ्या मोठ्या देहाला वाटीभर पुरते काय?”

दुपारी निघालो. अवजारं घ्यायला बाबा पाटाकडे वळले, तर आत्या आडवी आली. “पुजलेली हत्यारं उत्तरपूजेआधी हालवतात काय?” बाबा नुसते हसले. त्या दिवशी त्यांना अवजारांची गरजच वाटत नव्हती.

आत्या मागच्या बैठकीवर धाबळीवर बसली. पदर कपाळापर्यंत, पडदे ओढलेले, हात मांडीवर घट्ट. ओमतीचं ठाणं आलं. शिपाई सवयीनं बाहेर आले आणि गाडी त्यांच्यासमोरून निघून गेली. एकानं तर सलाम ठोकला. मागून चक्कीवाला सायकल मारत होता. त्याच्या सायकलच्या दांड्याला इंजिनासाठी आणलेली झेंडूची माळ लटकत होती. गर्दी विरळ झाली, शहर मागे पडलं. आत्यानं पडदा बोटभर सरकवला. मग चार बोटं. मग पूर्ण.

नाक्याचा दांडा समोर दिसू लागला आणि मला वास आला. खमंग, गोडसर, बासुंदी आटवताना येतो तसा. आई म्हणाली, “कोणाकडे तरी आटवून राहिले वाटते.” तेवढ्यात पुढून फस्स आवाज झाला, टोपण उडालं आणि झाकणाच्या फटींमधून पिवळाधमक फेस उसळला. काचेवर दुधाची धार आली. गाडी दोन आचके देऊन उभी राहिली. नाका समोर होता, हाक मारली तर जकातवाला ओ देईल इतका.

बाबांनी झाकण उघडलं. बोटानं फेस घेतला, वास घेतला आणि खरं सांगते, चाखून पाहिला.

“कोणी घातलं हे?”

“मी,” आत्या खाली उतरत म्हणाली. “हळद चालते, तर पंचामृत काहून नाही चालत?”

बाबांनी हायकोर्टापर्यंत वाद घातले होते. आता ते वाकून रबरी नळी चाचपू लागले. नळी सोडून टाकी धुवावी, तर पाना घरी पाटावर, कुंकू लावून बसलेला. ते मडगार्डवर बसले आणि त्यांनी फेटा काढून मांडीवर ठेवला. आत्यानं त्यांच्याकडे बघितलं, आणि आपण काय केलं ते तिला कळलं. तिचा चेहरा पाहून मला रडू फुटलं.

चक्कीवाला सायकलवरून उतरला. माळ हातात, पण आवाज हळू. “बुआजी, रुक गई.”

“रुकी नहीं, भैया,” आत्या ताठ उभी राहिली. “दूध उफन गया. किधर उफना, देख तो.”

त्यानं बघितलं. “पूरब को.”

“मग? रथसप्तमीले आपण मुद्दाम ऊतू जाऊ देतो. पूर्वेला गेलं म्हणजे शुभच.” ती बाबांकडे वळली. “ऊठ बाबू. तू काय बोलला होता? गाडी नाका पार करेल. कशी करेल, बोलला होता का?”

बाबांनी मान हलवली. “इंजिनावर, असं माझ्या मनात होतं, अक्का.”

“मनातलं कोर्टात चालते काय तुझ्या?”

मग त्या बाईनं पदर खोचला. भर रस्त्यात, दसऱ्याच्या दिवशी, येणाऱ्याजाणाऱ्या सगळ्यांच्या समोर गाडीच्या मागे गेली आणि दोन्ही हात लावून ढकलू लागली. आई गेली, मी गेले. जकातवाला हातातलं सोडून आला. बाबा सुकाणूला होते, पुढे बघत होते आणि त्यांचे खांदे हलत होते. आणि आमच्या शेजारी, माळ गळ्यात अडकवून, स्वतःचं नुकसान स्वतःच्या हातांनी ढकलत होता तो चक्कीवाला. गाडीनं नाका ओलांडला तेव्हा सगळ्यांत मोठ्यानं तोच ओरडला.

पलीकडे आपट्याचं झाड होतं. बाबांनी पहिलं पान आत्याच्या हातावर ठेवलं आणि वाकून नमस्कार केला. घरी आम्ही मोटार बैलगाडीला बांधून आलो, पण परतीबद्दल कुणी काही बोललंच नव्हतं.

टाकी स्वच्छ व्हायला कितीतरी रविवार गेले. झाकणाखाली मुंगळ्यांनी घर केलं. तापल्यावर गाडीला तुपाचा वास येई आणि बाबांचे अशील मागच्या बैठकीवर बसून म्हणत, वकीलसाहेबांकडे आज काहीतरी गोड आहे. आत्याला मात्र बाबांनी त्यावरून एका शब्दानं छेडलं नाही.

पुढे लढाई लागली, पेट्रोल कुपनावर आलं, गाडी छपराखाली उभी राहिली. इंजिन गंजत बसण्यापेक्षा फिरलेलं बरं, म्हणून बाबांनीच चक्कीवाल्याला बोलावलं. तो टाकीसकट सगळं घेऊन गेला आणि ते रॉकेलवर चालवू लागला. त्या दिवशी बाबा जेवले नाहीत.

नंतरच्या हिवाळ्यात आत्याचे खांदे दुखू लागले, जातं ओढवेना. आई कसं विचारावं या पेचात होती. एका सकाळी आत्यानं स्वतःच गव्हाचा डबा पुढे सरकवला. “ओमतीच्या चक्कीवर पाठव. दुसरीकडे नको. तिथं आपलं घरचं आहे.” त्या पिठाची पहिली पोळी बाबांनी खाल्ली आणि पीठ जाडं असल्याची कुरकुर केली.

“जाडं येईल नाही तर काय,” आत्या म्हणाली, “दूध तुटलं ना आपल्या इंजिनाचं.”

पुढच्या दसऱ्याला ती मागच्या खोलीत वाती वळत बसली नाही. पंचामृताचा तांब्या घेऊन भर बाजारातून पायी निघाली, पडदा नाही, गाडी नाही, मी मागे धावतेय. आम्ही चक्कीशी पोचलो तेव्हा चक्कीवाला टाकीच्या टोपणावर दोन्ही हात दाबून उभा होता.

“बुआजी,” तो काकुळतीला येऊन म्हणाला, “बाहर से.”

आत्यानं बाहेरूनच घातलं.