एसीतली खुर्ची

आमच्या घरात कॉलेजात जाणारी मी पहिली. बाबा भिवंडीत कामतघरला ज्या कारखान्यात कापडाचे लूम चालवायचे, तो माझ्या मैत्रिणीच्या अब्बांचा. आम्ही दोघी टेमघरच्या एकाच कॉम्प्युटर क्लासला जायचो. वीज ऑफिसात पहिला कॉम्प्युटर आला, हंगामी ऑपरेटरसाठी आम्ही दोघींनी परीक्षा दिली आणि तिची निवड झाली. तिचं टायपिंग माझ्यापेक्षा चांगलं होतं, हे मला मान्य होतं. तरी वाटायचं, तिला या नोकरीची काय गरज? एसीतली ती खुर्ची मला हवी होती.

कुठल्या भागाची वीज कधी बंद ठेवायची, ते वेळापत्रक त्या कॉम्प्युटरवर निघायचं. एके दिवशी पडद्यावरची अक्षरं एकेक करून खाली गळाली आणि तळाशी त्यांचा ढीग झाला. वेळापत्रक निघालंच नाही. कामतघरची वीज भर शिफ्टमध्ये गेली, बाबा दुपारीच घरी आले.

कॉम्प्युटरमध्ये व्हायरस शिरलाय म्हणून सरकारने मुंबईहून एक साहेब पाठवले. त्यांना आमच्या क्लासच्या फ्लॉप्यांचा संशय होता, म्हणून त्यांनी क्लासच्या सगळ्यांना आपापल्या फ्लॉप्या घेऊन ऑफिसात बोलावलं. दारात शिपाईकाकांनी मला अडवलं.

"आधी केस झाड. कापूस हाय डोक्यात. त्यातूनच आला असंल तो व्हायरस."

"काका, मग तर अख्खी भिवंडी आजारी पडायला हवी," मैत्रीण आतून म्हणाली. सगळे हसले. आमच्या वस्तीत लूमचा कापूस घराघरांत उडायचा. मी केस झाडत उभी राहिले. तिच्या केसांत कापूस नव्हता.

"व्हायरस कापसातून येत नाही, फ्लॉपीतून येतो," साहेब म्हणाले.

"मग दोन्ही बंद करू, साहेब," शिपाईकाका म्हणाले.

साहेबांनी विचारलं, "क्लासमधली फ्लॉपी इथे कोणी लावली?"

मला ठाऊक होतं. तिनेच सांगितलं होतं. मी खुर्चीकडे पाहत होते. आता ती रिकामी होणार होती.

"मी लावली, सर. जेवणाच्या सुट्टीत गेम खेळायला," ती म्हणाली.

साहेबांनी तिच्या हातातली फ्लॉपी घेतली. "बरं झालं सांगितलंत. नाहीतर आम्ही शोधतच बसलो असतो."

खुर्ची तिचीच राहिली. मला तर तिच्या धाडसाचाही हेवा वाटला. नोकरी गेली असती तरी तिच्या घरचं काही अडणार नव्हतं. खरं बोलणं तिला परवडत होतं.

मग सरकारी आदेश आला: प्रत्येक फ्लॉपी आधी वेगळ्या मशीनवर तपासायची, त्यासाठी दुसरा माणूस ठेवायचा. तिने माझं नाव सुचवलं आणि सांगायला स्वतः घरी आली. "अगं, परीक्षेत दुसरी तूच होतीस ना!" आईने तिला साखर घालून दूध दिलं.

माझं जुनं मशीन बाहेर पॅसेजमध्ये, पंख्याखाली होतं. मी घरून दोनदा केस विंचरून निघायचे. फ्लॉपी तपासून झाली की काचेच्या दाराशी जायचे, ती बसल्या जागेवरून हात पुढे करायची. दार लागेपर्यंत आतला गारवा माझ्या मनगटापर्यंत यायचा.